कारणसरांचा फळा

मित्रांनो, दचकू नका. मागच्या व्हरांड्यात भिंतीला टेकून उभा असलेला, एका कोपऱ्याला चिरलेला, ज्याच्या मागे मांजर दर वर्षी पिल्ले घालते, तो मीच. माझी ओळख आता कुणी करून देत नाही, म्हणून मलाच द्यावी लागते. मी फळा आहे. लाकडाचा, काळा, आणि तुमच्या आजोबांनाही ज्याच्यासमोर कान धरून उभे राहावे लागले असते, एवढ्या वयाचा.

माझा जन्म सुताराच्या दुकानात झाला. चार फळ्या शेजारी शेजारी ठेवून त्याने मागून दोन पट्ट्या ठोकल्या, रंधा मारला, आणि मग काळ्या रंगाचे तीन हात दिले. त्याला दोन मुलगे होते आणि दोघांनीही गणितापुढे हात टेकले होते. हे तो काम करता करता शेजारच्या लोहाराला सांगत होता. शेवटी माझ्या पाठीवर थाप मारून म्हणाला, “निदान ह्याला तरी येऊ दे!” तसे पाहिले तर ते मला आले. पण त्याचा कुणाला काय उपयोग झाला, ते पुढे सांगतो.

मला एका शाळेत नेले. वरच्या मजल्यावरची खोली, डावीकडे खिडकी. दुपारी उन्हाची तिरीप माझ्या उजव्या भागावर पडायची आणि तिथले अक्षर कुणालाच दिसायचे नाही, म्हणून पहिल्या बाकावरच्या मुली माना वाकड्या करून बसायच्या. दुसऱ्या वर्षी तिथे एक तरुण शिक्षक आले. किडकिडीत, इस्त्रीचा सदरा, खिशात स्वतःचा खडू. शाळेचा खडू फार मोडतो, असे त्यांचे म्हणणे. ते बीजगणित शिकवायचे. पुढची एकतीस वर्षे त्यांनी माझ्यावर लिहिले, आणि मी त्यांना एकदाही चुकताना पाहिले नाही.

त्यांची एक रीत होती. डाव्या बाजूला गणिताची पायरी लिहायची, मग थांबायचे, वर्गाकडे वळायचे आणि विचारायचे, “कारण?” कारण कुणीतरी सांगितले की ते उजव्या बाजूला लिहायचे, आणि मगच पुढची पायरी. कारण आले नाही तर तास संपला तरी डस्टर उचलायचे नाहीत. पुढच्या तासाचे भूगोलाचे सर दारात ताटकळत उभे राहायचे. मुलांनी त्यांचे नाव कारणसर ठेवले. ते त्यांना कळले होते, आणि मनातून आवडलेही होते, हे मी अगदी जवळून पाहिले आहे.

मुलांची खोड तुम्हाला ठाऊकच असेल. अपूर्णांक दिसला की ती सुरी घेऊन धावतात. वर क्ष, खाली क्ष, काप! वर क्ष अधिक सहा असे असले तरी काप! मग सर म्हणायचे, “अरे, गुणाकारातले शेजारी असतात, त्यातला एक उठून गेला तर चालतं. बेरजेतले एकमेकांचा हात धरून उभे असतात. एकट्याला ओढून नेता येत नाही. नेलात तर दोघं जातील.” घातांक ऋण आला की पोरांच्या तोंडचे पाणी पळायचे. त्यावर सर म्हणायचे, “घाबरताय कशाला? ती संख्या काही वाईट चालीची नाही. तिला फक्त छेदात, खालच्या मजल्यावर राहायला पाठवलंय.” आणि अगदीच शंका आली, तर त्यांचा शेवटचा उपाय असायचा : “क्षच्या जागी दोन ठेवून बघा. दोन कधी खोटं बोलत नाही.”

एकदा शाळेत तपासनीस आले. त्यांनी खोलीभर नजर फिरवली आणि म्हणाले, “वा, फळा किती स्वच्छ आहे!” सरांना काहीच म्हणाले नाहीत. मला आनंद झाला, आणि लगेच स्वतःची लाजही वाटली.

मग गुळगुळीत पांढरे फळे आले. त्यांच्यावर रंगीत पेनाने लिहितात, धूळ उडत नाही, करकर वाजत नाही. मला जिन्याखालच्या खोलीत मोडक्या बाकांच्या संगतीला टाकले. त्याच वर्षी सर निवृत्त झाले. निरोपाला त्यांना भिंतीवरचे घड्याळ द्यायचे ठरले होते. सर म्हणाले, “घड्याळ आहे घरी. तो फळा द्या.” लोक हसले. पण मी हातगाडीवर चढलो, आणि सर सबंध रस्ताभर माझ्यावर एक हात ठेवून शेजारून चालले. इतक्या वर्षांत माझा एवढा मान कुणी केला नव्हता.

घरच्या पुढच्या खोलीत माझी प्रतिष्ठापना झाली. सरांच्या पत्नी, म्हणजे सगळ्यांच्या काकू, खडूच्या धुळीवरून पहिल्या दिवशी बरेच बोलल्या आणि दुसऱ्या दिवशी माझ्या खाली जुनी चादर अंथरून मोकळ्या झाल्या. शिकवणीला अकरा मुले होती. मग पाच झाली. मग चौकात तीन मजली क्लास निघाला, तिथे छापील उत्तरे मिळत, आणि कारण कुणी विचारत नसे. आमची पाचही मुले तिकडे गेली. वर्षभर माझ्यावर कुणी काही लिहिले नाही. सर रोज सकाळी मला ओल्या फडक्याने पुसायचे, आणि खडू खिशात ठेवून पेपर वाचत बसायचे.

अशात ती आली. चौतीस वर्षांची, चष्म्याच्या दुकानात भिंगे घासण्याचे काम करणारी. तिच्या बोटांच्या टोकांना बारीक पांढरी पूड कायम चिकटलेली असायची. सर म्हणाले, “आपली जात एकच दिसतेय, खडूवाल्यांची.” काकू तिला भिंगताई म्हणू लागल्या, आणि मीही तेच म्हणतो.

तिची गोष्ट सरळ होती. दुकानाच्या मालकाने सांगितले होते की, पुढच्या वर्षी भिंगे कापणारे यंत्र येणार, हाताने घासणारी माणसे नकोत. ठेवायचेच तर डोळे तपासणाऱ्याला ठेवू. डोळे तपासण्याच्या अभ्यासक्रमाला प्रवेश परीक्षा होती, आणि तीत बीजगणित होते. ती दोनदा बसली होती आणि दोनदा गणितातच गेली होती. परीक्षेला बसायची वयाची अट पस्तीस. म्हणजे ही शेवटची संधी.

“सर, मला जमेल का हो?” तिने विचारले.

“ते मला काय माहीत? मी ज्योतिषी आहे का?” सर म्हणाले. “उद्यापासून संध्याकाळी सात वाजता ये. आणि येताना कारणं घेऊन ये.”

पहिल्याच दिवशी तिने क्ष अधिक सहा भागिले क्ष या गणितात क्षला क्षने कापले आणि खाली ‘सहा’ लिहून मोकळी झाली. सर ओरडले नाहीत. म्हणाले, “क्षच्या जागी दोन ठेव.” तिने ठेवले. वर आठ, खाली दोन, उत्तर चार. तिने आपल्या सहाकडे पाहिले, चारकडे पाहिले, आणि कपाळावर हात मारला. कपाळ पांढरे झाले. काकू आतून बघत होत्या, त्यांना हसू आवरेना. मला किती दिवसांनी बरे वाटले म्हणून सांगू!

ती शिकली. दुकानातून थकून यायची, पण मन लावून करायची. पाया सारखा असेल तर भागाकारात घातांकांची वजाबाकी करायची, घाताचा घात आला तर गुणाकार करायचा, वेगवेगळ्या छेदांची बेरीज करताना आधी छेद समान करायचे. हे शेवटचे तर तिला हातांनीच ठाऊक होते. दोन भिंगे एकावर एक ठेवली की त्यांचे नंबर मिळवायचे असतात, आणि नंबर म्हणजे एक भागिले भिंगाचे नाभीय अंतर. “म्हणजे मी रोज अपूर्णांकच घासत होते की!” ती म्हणाली. सर इतके खूश झाले की त्यांनी काकूंना बाहेर बोलावून ते वाक्य पुन्हा म्हणायला लावले.

मग एका संध्याकाळी सरांनी क्षवर्गाचा तिसरा घात लिहिला आणि उत्तर लिहिले, क्षचा पाचवा घात.

मला वाटले, खडू घसरला असेल. दोन आणि तीन यांचा गुणाकार सहा, हे त्यांनी माझ्यावर हजार वेळा लिहिले असेल. भिंगताई जरा घुटमळली. “सर, सहा ना?”

“सहाच तर लिहिलंय,” सर म्हणाले. मग त्यांनी जवळ येऊन पाहिले. चष्मा काढला, पुसला, पुन्हा घातला. “हा चष्मा बदलायला झाला. पाच काय अन् सहा काय, सगळं धूसर.”

“एवढंच ना?” ती म्हणाली. “द्या इकडे. हे तर माझं काम आहे.”

जे ज्याचे काम, त्याला तेच आधी दिसते, त्यात तिचा काय दोष? तिने दुकानात जुन्या चष्म्यावरून नंबर काढला, थोडा वाढवला, सुट्टीच्या दिवशी बसून स्वतःच्या हाताने भिंगे घासली आणि नवा चष्मा घेऊन आली. सरांनी तो घातला आणि म्हणाले, “आता बघ कसं लख्ख दिसतंय!” आठवडाभर सगळे ठीक चालले. माझाही जीव भांड्यात पडला.

पण नंतर एक भागिले क्ष अधिक एक भागिले य आले. सरांनी वरच्या दोन एकांची बेरीज केली, खालच्या क्ष आणि यची बेरीज केली, आणि लिहिले, दोन भागिले क्ष अधिक य. ठसठशीत अक्षरात. खाली दोन रेघा ओढल्या. आणि मित्रांनो, एकतीस वर्षे आणि वर घरची इतकी वर्षे, त्यात पहिल्यांदाच ते वर्गाकडे वळले नाहीत. कारण विचारले नाही. डस्टर उचलले आणि पुढचे गणित लिहायला घेतले.

भिंगताईने ते उत्तर तसेच वहीत उतरवून घेतले होते. आपणच चुकत असू असे तिला वाटले. दोनदा नापास झालेल्या माणसाला असेच वाटते. वही बंद करताना तिने पानाच्या कोपऱ्यात दोन ठेवून पाहिले. एक द्वितीयांश अधिक एक द्वितीयांश म्हणजे एक. सरांच्या उत्तराने मात्र अर्धाच येत होता. दोन अर्धे पेले एकत्र ओतले तर पेला भरायला नको का? ती जाता जाता म्हणाली, “सर, तुम्ही उद्या दुकानात या. नीट तपासूनच नंबर काढू.”

दुकानात काय झाले ते तिने दुसऱ्या दिवशी माझ्यासमोरच काकूंना सांगितले. सर आत कपडे बदलत होते. ती हळू आवाजात म्हणाली, “काकू, सरांनी तक्त्यावरची शेवटची ओळ वाचली. त्याच्या खाली छापखान्याचं नाव असतं, ते मला आजवर कुणी वाचून दाखवलं नव्हतं. तेसुद्धा वाचलं. चष्म्यात काही दोष नाही.”

काकू बराच वेळ खुर्चीच्या पाठीवरून हात फिरवत राहिल्या. मग म्हणाल्या, “मला ठाऊक आहे. वर्ष होऊन गेलं. चहा घेतात आणि पाच मिनिटांनी विचारतात, आज चहा नाही का? डॉक्टरांनी आजाराचं लांबलचक नाव सांगितलं, गोळ्या दिल्या, आणि म्हणाले, हे वाढतच जाणार.”

“मग मी चष्मा करत बसले होते तेव्हा तुम्ही बोलला का नाहीत?”

“अगं, मलाही वाटलं, असेल चष्माच,” काकू म्हणाल्या. “वाटून घेतलं मी.”

परीक्षेला सहा आठवडे उरले होते. चौकातल्या क्लासची वेळ तिच्या दुकानाच्या वेळेशी जुळत नव्हती. काकूंना ते कळत होते. त्या म्हणाल्या, “मी तुला थांब म्हणणार नाही. तुझं नुकसान आहे त्यात. पण एवढं सांगते, तू येणार म्हणून ते रोज दाढी करतात. सुट्टीच्या दिवशी करत नाहीत.”

आता याला थांब म्हणणे नाही तर काय म्हणतात? काकूंचा मला राग आला. पण त्यांचा चेहरा पाहिला आणि तो टिकला नाही. भिंगताई थांबली.

त्या सहा आठवड्यांइतके वाईट दिवस मी जिन्याखालच्या खोलीतही काढले नाहीत. सर चार गणिते बरोबर सोडवायचे आणि पाचवे चुकवायचे. चौथे कुठले नि पाचवे कुठले, ते आधी कळायचे नाही. माझ्यावर बरोबर आणि चूक दोन्ही सारखेच पांढरे दिसतात. मला तोंड असते तर मी ओरडलो असतो. भिंगताई समोर बसून ते सगळे वहीत उतरवून घ्यायची, मान हलवायची, आणि डाव्या हाताने ओढणीखाली एका कागदावर क्षच्या जागी दोन ठेवून पाहायची. एकदाच तिने धीर करून म्हटले, “सर, इथं छेद समान करायचे ना?” सर लालबुंद झाले. “एकतीस वर्षं शिकवलंय मी! तू मला शिकवणार?” असे ते कधीच कुणाला बोलले नव्हते. पाच मिनिटांनी ते विसरले आणि तिला म्हणाले, “आज गप्प का तू? बरं नाही का?” ती रडत होती. त्यानंतर तिने कधी हटकले नाही.

परीक्षा झाली. निकाल लागला. ती सातच्या जरा आधीच आली. सर आत दाढी करत होते. काकूंनी नुसते तिच्याकडे पाहिले.

“दोन गुण कमी पडले,” ती म्हणाली. “काकू, दोन भिंगांचंच गणित होतं. एक भागिले इतकं, अधिक एक भागिले तितकं. मला येतं ते. झोपेत विचारलं तरी येतं. पण घाई झाली, आणि हातानं फळ्यावरचं लिहिलं. घरी येऊन दोन ठेवून पाहिलं तेव्हा कळलं.”

काकू मटकन खाली बसल्या. “माझ्यामुळं झालं गं हे.”

“नाही. मीच थांबले,” भिंगताई म्हणाली. पण तिने काकूंना उठवायला हात पुढे केला नाही, हेही मी पाहिले.

तेवढ्यात सर बाहेर आले. गुळगुळीत दाढी, इस्त्रीचा सदरा, खिशात खडू. त्या दिवशी त्यांचे डोके कसे कोण जाणे, अगदी स्वच्छ होते. दारातूनच म्हणाले, “काय गं मुली, निकाल होता ना आज?”

तिने काकूंकडे पाहिले नाही. म्हणाली, “हो सर. झाले पास.”

सरांचा चेहरा असा उजळला की मला माझी शाळेची खोली आठवली. “मला माहीतच होतं! अगं, ऐकलंस का, पास झाली! अपूर्णांक आला होता का?”

“आला होता, सर.”

“कर बघू. माझ्यासमोर कर.” त्यांनी खिशातला खडू काढून तिच्या हातात दिला. आपला खडू त्यांनी आजवर कुणाला दिला नव्हता.

ती माझ्यासमोर आली. एक भागिले क्ष अधिक एक भागिले य. क्षणभर थांबली. मग तिने छेद समान केले, वर य अधिक क्ष लिहिले, खाली क्ष गुणिले य. उजव्या बाजूला कारणही लिहिले. गणित बिनचूक होते. मला वाटले, निदान एवढे तरी राहील माझ्यावर.

सर पुढे आले. लांबून पाहिले, जवळून पाहिले. मान हलवली. डस्टर घेऊन त्यांनी ते सगळे पुसून टाकले, आणि तिच्या हातातून खडू काढून घेऊन ठसठशीत अक्षरात लिहिले : दोन भागिले क्ष अधिक य. खाली दोन रेघा ओढल्या.

“इतकं शिकवलं तुला,” ते म्हणाले. आवाजात राग नव्हता, नुसते दुःख होते. “मग पास कशी झालीस तू?”

“तुमच्यामुळंच, सर,” ती म्हणाली, आणि तिला दारातली चप्पल सापडेना.

त्यानंतर सरांनी माझ्यावर काही लिहिले नाही. खडू हातात घेऊन ते तासन् तास माझ्यासमोर उभे राहायचे, काहीच आठवायचे नाही, आणि मग त्यांना रडू यायचे. डॉक्टर म्हणाले, फळा नजरेआड करा. म्हणून मी इथे आलो. सर आत असतात. काकूंना ते कधी आई म्हणतात, तर कधी बाई. दुकानात यंत्र आले. भिंगताई आता खोकी भरण्याच्या कारखान्यात उभ्याने काम करते. ती महिन्यातून एकदा येते, सरांच्या चष्म्याचे स्क्रू घट्ट करते, काचा पुसून देते. ते तिला विचारतात, “आपण कोण?” ती सांगते, “चष्मेवाली.”

इतरांच्या आत्मकथा संपताना आम्हाला जपा, आम्हाला फेकू नका, असे म्हणतात. मला तसले काही मागायचे नाही. माझे लाकूड किडले आहे, आणि येत्या वर्षा-दोन वर्षांत मी जाईन ते बरेच होईल. पण मित्रांनो, कधी मागच्या गल्लीतून जाताना चेंडू आत आला आणि तो घ्यायला तुम्ही व्हरांड्यात शिरलात, तर माझ्यावर एक ओळ दिसेल. सुंदर अक्षर आहे. काकू बाकी सगळी धूळ झटकतात आणि तेवढ्या ओळीला फडके लागू देत नाहीत. ती ओळ चुकीची आहे. दोन ठेवून पाहा, तुम्हालाही कळेल. ती वहीत उतरवून घेऊ नका. आणि पुसूही नका.